अर्ज मुंबईला, शाळा नागपूरला

पांढुर्ण्याच्या माणसाचं सरकारी काम निघालं की तोंड उत्तरेला करावं लागतं. मंत्रालय भोपाळला, हायकोर्ट जबलपूरला. बाजारहाट, मोठा दवाखाना आणि सोयरीक मात्र नागपूरकडे. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची फेररचना झाली, विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि पांढुर्णा-सौसर मध्य प्रदेशात राहिलं. तेव्हापासूनची ही ओढाताण. २०२३ मध्ये छिंदवाड्यातून निघून पांढुर्णा स्वतंत्र जिल्हा झाला, पण फायलींची दिशा बदलली नाही.

एक खातं मात्र याला अपवाद आहे. देशाच्या पेटंट कार्यालयाची चार ठिकाणं आहेत: कोलकाता, दिल्ली, चेन्नई आणि मुंबई. मध्य प्रदेश येतो मुंबईच्या हद्दीत, महाराष्ट्र, गुजरात, गोवा आणि छत्तीसगडच्या पंगतीला. म्हणजे सौसरच्या एखाद्या पोरानं नवं यंत्र बनवलं, तर त्याचा अर्ज भोपाळचं तोंडही न बघता थेट मुंबईत अँटॉप हिलच्या बौद्धिक संपदा भवनाच्या खात्यात जमा होतो. ट्रेडमार्कचंही तसंच. सत्तर वर्षांपूर्वी झालेली फेररचना या खात्यापुरती झालीच नाही म्हणा ना.

आणि हे अर्ज तपासायला शिकवणारी शाळा कुठे? नागपूरला. राजीव गांधी राष्ट्रीय बौद्धिक संपदा व्यवस्थापन संस्था तिथे सिव्हिल लाइन्समध्ये आहे. पेटंट तपासनीसांचं प्रशिक्षण तिथे होतं. पांढुर्ण्याहून शंभरेक किलोमीटर, सौसरहून त्याहीपेक्षा जवळ. नागपूरला पेटंटची माहिती जमवून ठेवणारं केंद्र तर १९८० पासून होतं. संत्र्याच्या गाड्या ज्या शहरात रोज जातात, तिथेच ही संस्था आहे हे आपल्याकडे किती जणांना ठाऊक असेल, शंकाच आहे.

पहिला मान पंख्याला

भारतात पेटंटसारखा हक्क देणारा पहिला कायदा १८५६ चा. त्याखाली पहिला अर्ज केला कोलकात्याचे इंजिनिअर जॉर्ज आल्फ्रेड डीपेनिंग यांनी, ३ मार्च १८५६ ला. शोध काय? पंखा ओढायचं कार्यक्षम यंत्र. छताला टांगलेला कापडी पंखा दोरीनं ओढणाऱ्या माणसाचे कष्ट वाचवणारं. मे महिन्यात, भर दुपारी लाइट गेलेली असताना हे वाचणाऱ्या सौसरकरांना या शोधाची थोरवी वेगळी सांगायला नको. गंमत म्हणजे त्यांच्या नावाची पेटंट सल्लागार फर्म आजही चालू आहे.

कंपनीत पेटंट 'सांभाळतात' म्हणजे काय करतात?

बहुतेकांना वाटतं, शास्त्रज्ञाच्या डोक्यात दिवा पेटतो आणि पेटंट मिळतं. मोठ्या टेक कंपनीत दिवे रोज पेटतात. खरं काम असतं कोणता चालू ठेवायचा ते ठरवण्याचं. इंजिनिअर आपली कल्पना एका छापील फॉर्ममध्ये लिहून देतो. महिन्या-दोन महिन्यांनी समिती बसते, तीत इंजिनिअर, वकील आणि हिशेब बघणारा. कल्पनेपुढे तीन रस्ते असतात: पेटंट घ्या, गुपित ठेवा, नाहीतर छापून मोकळे व्हा.

तिसरा रस्ता ऐकून कुणीही चक्रावेल. आपली कल्पना फुकटात का छापायची? कारण छापलेली गोष्ट जुनी होते, आणि जुन्या गोष्टीवर दुसऱ्यालाही पेटंट मिळत नाही. आयबीएम कंपनी १९५८ ते १९९८ अशी चाळीस वर्षं यासाठी स्वतःचं नियतकालिकच चालवत होती. जगभरचे तपासनीस पुढे ते संदर्भाला वापरू लागले. हीच आयबीएम १९९३ पासून सलग २९ वर्षं अमेरिकेत सर्वाधिक पेटंट घेणारी कंपनी होती. २०२२ मध्ये सॅमसंगनं तिला मागे टाकलं. म्हणजे एका हातानं पेटंट, दुसऱ्या हातानं छापखाना.

मग सुरू होतं कॅलेंडर. तात्पुरता मसुदा भरला की बारा महिन्यांत पूर्ण तपशील द्यायचा. परदेशात जायचं तर तेही साधारण याच बारा महिन्यांत ठरवायचं. अठराव्या महिन्यानंतर अर्ज जगजाहीर होतो. 'माझा अर्ज तपासा' हे वेगळं सांगावं लागतं, त्याची मुदत पूर्वी ४८ महिने होती. मार्च २०२४ पासून ३१ झाली. न सांगितल्यास अर्ज मागे घेतला असं धरतात, कुणी फोन करून आठवण देत नाही.

पेटंट मिळालं की खर्च संपला असं वाटतं, तिथेच खरा खर्च लागतो. वीस वर्षांचं पेटंट जिवंत ठेवायला दरवर्षी नूतनीकरण शुल्क आहे आणि ते चढत जातं. मोठ्या कंपनीला तिसऱ्या ते सहाव्या वर्षापर्यंत वर्षाला ४,००० रुपये, सोळाव्या ते विसाव्या वर्षापर्यंत वर्षाला ४०,०००. सगळं जोडा: एका पेटंटचे ३,८४,००० रुपये. हजार पेटंट असतील तर? म्हणून कंपन्या दरवर्षी कपाट आवरतात आणि बिनकामाची पेटंट चक्क मरू देतात. एकट्या माणसाला किंवा स्टार्टअपला हेच शुल्क पाचव्या हिश्शानं लागतं, वीस वर्षांचे मिळून ७६,८००. सरकारी दरपत्रकात गरिबाला असा सरळ ८० टक्के उतारा फार ठिकाणी दिसत नाही.

कपाटाची किंमत कधीकधी कंपनीपेक्षा जास्त ठरते. कॅनडाची नॉर्टेल ही दूरसंचार कंपनी २००९ मध्ये दिवाळखोरीत गेली. २०११ मध्ये तिची सहाएक हजार पेटंट आणि अर्ज लिलावात निघाले आणि अॅपल, मायक्रोसॉफ्ट वगैरे कंपन्यांच्या गटानं त्यांना मोजले साडेचार अब्ज डॉलर. कारखाना बंद, कागद सोन्याच्या भावानं.

दोन प्लगची गोटमार

आता आपल्या रस्त्यावरच्या गाडीची गोष्ट. पल्सर कुणाकडे नाही? तिच्या टाकीखाली जे 'डीटीएस-आय' लिहिलेलं असायचं, ते बजाज ऑटोचं तंत्र: छोट्या इंजिनात एका सिलिंडरला दोन स्पार्क प्लग. इंधन दोन बाजूंनी पेटतं, जळतं चांगलं. पुण्याच्या या कंपनीनं १६ जुलै २००२ ला अर्ज केला, २००५ मध्ये पेटंट मिळालं, क्रमांक १९५९०४.

ऑगस्ट २००७ मध्ये टीव्हीएसनं १२५ सीसीची 'फ्लेम' जाहीर केली. तिच्यातही दोन प्लग, पण झडपा तीन. बजाज म्हणालं, आमचं तंत्र चोरलं. टीव्हीएस म्हणालं, दोन प्लगचं इंजिन होंडानं कधीच केलंय, तुमचं पेटंटच रद्द करा. पांढुर्णा आणि सावरगावच्या मधे जाम नदीत पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पळसाच्या झाडावरच्या झेंड्यासाठी जी गोटमार होते, ती इथे कोर्टात सुरू झाली, फक्त दगडांऐवजी प्रतिज्ञापत्रं.

फेब्रुवारी २००८ मध्ये मद्रास हायकोर्टानं टीव्हीएसला मनाई केली. टीव्हीएसनं काय करावं? एक प्लग काढून टाकला आणि गाडी बाजारात आणली. मे २००९ मध्ये त्याच हायकोर्टाच्या खंडपीठानं मनाई उठवली. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. सप्टेंबर २००९ मध्ये कोर्ट वैतागून म्हणालं की पेटंट, ट्रेडमार्क, कॉपीराइटचे दावे रोजच्या रोज चालवा आणि साधारण चार महिन्यांत निकाल द्या. देशभरच्या कोर्टांना तो आदेश लागू. खुद्द हे भांडण मिटलं ऑक्टोबर २०१९ मध्ये, आपसात समझोता करून. चार महिन्यांची दहा वर्षं झाली, तोवर वीस वर्षांच्या पेटंटची तीनच वर्षं उरली होती. झेंडा शेवटी कुणाच्याच हाती लागला नाही, हे माझं मत. दोन्ही कंपन्यांच्या वकिलांचं वेगळं असू शकेल.

एवढ्या अनुभवानंतरही पुणेकर कंपन्या थांबल्या नाहीत. ज्यांचं इंजिनिअरिंग बरंचसं पिंपरी-चिंचवडमध्ये चालतं त्या टाटा मोटर्सनं २०२४-२५ या एका वर्षात २५० पेटंटचे आणि १४८ डिझाइनचे अर्ज केले. देशाचा आकडा म्हणाल तर २०१४-१५ मध्ये ४२,७६३ अर्ज आले होते, २०२३-२४ मध्ये ९२,१६८. आणि त्या वर्षी पेटंट दिली गेली १,०३,०५७. आलेल्यांपेक्षा दिलेली जास्त कशी? जुना साठलेला गठ्ठा उपसला म्हणून.

कलम होतं, पेटंट होत नाही

पेटंट कायद्याच्या तिसऱ्या कलमात 'हे शोध नव्हेत' अशी यादी आहे. आपल्या भागासाठी तीच सर्वांत रंजक. शेतीची किंवा बागायतीची पद्धत, पेटंट नाही. म्हणजे संत्र्याला ताण कसा द्यायचा, आंबिया-मृगाचा बहार कसा धरायचा, जंबेरीवर डोळा कसा भरायचा, हे कुणीही आपल्या नावावर करू शकत नाही. झाड आणि बी, तेही नाही. पण संत्रं सोलायचं, प्रतवारी करायचं किंवा मेण लावायचं नवं यंत्र? ते चालतं.

याच यादीत निव्वळ कॉम्प्युटर प्रोग्रॅमही आहे. बहार धरणं आणि कोड लिहिणं एकाच रांगेत बसवणारा कायदा जगात दुसरा असेल का, कोण जाणे. मग सॉफ्टवेअर कंपन्या जगतात कशा? कॉपीराइटवर. आणि कॉपीराइट कायद्याच्या दृष्टीनं प्रोग्रॅम म्हणजे 'साहित्यकृती'. कविता, कादंबरी आणि बिलिंगचं सॉफ्टवेअर एकाच रकान्यात. लेखकाच्या हयातीनंतर साठ वर्षं हक्क टिकतो, म्हणजे आजच्या एखाद्या अॅपचा कोड पणतवाच्या काळातही संरक्षित असेल, अॅप मात्र चार वर्षांत फोनवरून गेलेलं. नोकरीत लिहिलेल्या कोडचा पहिला मालक मात्र कंपनी असते, वेगळा करार नसेल तर. साहित्यिकांना मानधन न मिळण्याची परंपरा इथेही शाबूत आहे म्हणायची.

काळे-पांढरे चौकोन

पांढुर्ण्याच्या बाजारात चहावाल्याच्या गाडीवर चिकटवलेला क्यूआर कोड आहे ना, त्याचं पेटंट जपानच्या डेन्सो वेव्ह कंपनीचं होतं. मासाहिरो हारा यांनी तो १९९४ मध्ये मोटारींच्या सुट्या भागांचा हिशेब ठेवण्यासाठी बनवला. कंपनीनं पेटंट घेतलं, पण वापरणाऱ्यांकडून पैसे मागायचे नाहीत असं ठरवलं. मागितले असते तर दर दहा रुपयांच्या चहामागे जपानला काहीतरी गेलं असतं. छिंदवाड्याच्या संत्र्याला 'सतपुडा ऑरेंज' या नावानं बाजारात उतरवलं तेव्हा फळासोबत बागेची माहिती देणारा हाच क्यूआर कोड होता. जपानी शोध, सातपुड्याचं फळ.

नाव कुणाचं?

संत्र्याचा विषय निघालाच आहे. 'नागपूर संत्रं' या नावाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, ज्याला सगळे जीआय म्हणतात. जीआय पेटंटसारखं एका माणसाचं किंवा कंपनीचं नसतं, प्रदेशाचं असतं, आणि अर्जात जे क्षेत्र नोंदवलं तेवढंच त्या नावाला हक्कदार. नोंदणी कार्यालय आहे चेन्नईला. राज्याची सीमा मानांकनाला अडवत नाही हे कोल्हापुरी चपलेनं दाखवून दिलं आहे: तिचं मानांकन महाराष्ट्राचे चार आणि कर्नाटकाचे चार अशा आठ जिल्ह्यांचं आहे. २०२५ च्या जूनमध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडाच्या मॉडेलांच्या पायात तशाच चपला दिसल्या आणि कोल्हापूरपासून अथणीपर्यंत एकच ओरड झाली. दोन राज्यं पाण्यावरून आणि गावांवरून भांडतात, चपलेसाठी एकत्र. संत्र्याच्या बागायतदारांनी हा कित्ता डोळ्यासमोर ठेवावा. जे फळ सातपुड्याच्या दोन्ही उतारांवर पिकतं त्याच्या नावावरचा हक्क नुसता व्यापाऱ्याच्या पेटीवर छापून मिळत नाही.

नाव ट्रेडमार्कचंही असतं. सौसर तालुक्यात बोरगावच्या औद्योगिक क्षेत्रात रेमंडचा कारखाना आहे. सुटाच्या कापडाचं हे नाव किती मोठं, पण २०१० मध्ये मुंबई हायकोर्टात त्याची मर्यादा दिसली. रेमंड फार्मास्युटिकल्स नावाच्या औषध कंपनीविरुद्ध रेमंडनं दावा लावला होता. कोर्टानं मनाई दिली नाही. तुम्ही कापड विकता, ते औषध विकतात, धंदा वेगळा, असा निकालाचा रोख.

या न्यायानं एचएमटी तांदूळही सुटला असता. चंद्रपूर जिल्ह्यातल्या नांदेड गावचे दादाजी खोब्रागडे यांनी ऐंशीच्या दशकात आपल्या दीड-दोन एकरांच्या शेतात वेगळ्या दिसलेल्या लोंब्या निवडून निवडून धानाचा नवा वाण तयार केला. नाव पडलं त्या काळच्या लोकप्रिय घड्याळाचं. तांदूळ पाच राज्यांत पसरला, दादाजींच्या हाती त्या मानानं काही पडलं नाही. मात्र २००१ च्या वनस्पती वाण संरक्षण कायद्यानं शेतकऱ्यालाही वाणाची नोंद स्वतःच्या नावावर करता येते, आणि दादाजींच्या वाणाची तशी नोंद २०१२ मध्ये झाली. २०१८ मध्ये ते गेले. घड्याळाची कंपनी त्याच्या आधीच बंद पडली होती. पेटंट मिळत नाही म्हणून हात चोळत बसलेल्या आपल्याकडच्या शेतकऱ्यांसाठी हा दुसरा दरवाजा आहे, आणि तो फार थोडे लोक ठोठावतात.

हळदीची लढाई

मार्च १९९५ मध्ये मिसिसिपी विद्यापीठाच्या वैद्यकीय केंद्राला जखमेवर हळद वापरण्याचं अमेरिकन पेटंट मिळालं. हो, जखमेवर हळद. वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेनं त्याला आव्हान दिलं, तेव्हा तिचे महासंचालक होते गोव्याच्या माशेलचे रघुनाथ माशेलकर.  पण आजीनं लावली होती हा पुरावा चालत नाही, छापील हवा. संस्कृत, उर्दू, हिंदी असे ३२ संदर्भ शोधून काढले, त्यांत १९५३ मधला एका भारतीय वैद्यकीय नियतकालिकातला लेखही होता. ऑगस्ट १९९७ मध्ये पेटंट रद्द झालं. पुढे पारंपरिक ज्ञानाचं डिजिटल ग्रंथालय उभं राहिलं, ज्यात आपले नुस्खे इंग्रजी, जर्मन, फ्रेंच, स्पॅनिश आणि जपानी या भाषांत मांडले आहेत. परदेशी तपासनीसानं आधी तिथे बघावं म्हणून.

चाळीस पेटंटांचा मुंबईकर

शंकर आबाजी भिसे. जन्म मुंबईत १८६७, मृत्यू न्यूयॉर्कमध्ये १९३५. सुमारे २०० शोध, चाळीसेक पेटंट. वजन करून माल बांधणाऱ्या यंत्रापासून आयोडीनच्या औषधापर्यंत. छापखान्याचे खिळे ओतणारं त्यांचं 'भिसोटाइप' यंत्र इतकं गाजलं की दादाभाई नौरोजींनी लंडनमध्ये त्यांच्यासाठी खटपट केली आणि सर रतन टाटांनी पैसे घातले. बाजार मात्र लायनोटाइप आणि मोनोटाइप यांच्याच हाती राहिला. भिसेंच्या पाठीशी पेटंट होती. कारखाना, विक्री आणि वकील यांची फौज प्रतिस्पर्ध्यांकडे होती. शोधक एकटा असला की काय होतं याचं इतकं स्पष्ट उदाहरण मराठीत दुसरं नाही.

फुटकळ, पण उपयोगी

पेटंटचा अर्ज हिंदीत किंवा इंग्रजीतच करता येतो. मुंबईच्या कार्यालयातही मराठी चालत नाही! घरी मराठी, शाळेत हिंदी शिकलेल्या पांढुर्णेकराला इथे पुणेकरापेक्षा फायदा.

अर्जदार व्यक्ती असतील आणि त्यांत एक जरी महिला असेल तर अर्ज लवकर तपासून मागता येतो. ही सवलत २०१९ पासून आहे. यासाठी सौभाग्यवतींचं नाव घुसवायच्या आधी त्यांना विचारा. पेटंट विकलं तर वाटा त्यांचाही.

पेटंट एजंट व्हायला वकिली लागत नाही. विज्ञान किंवा इंजिनिअरिंगची पदवी, वय २१, भारतीय नागरिकत्व आणि एक परीक्षा. बीएस्सी होऊन तलाठ्याच्या भरतीची वाट बघणाऱ्यांनी ही जाहिरात कापून ठेवावी.

भारतात राहणाऱ्याला परवानगी न घेता थेट परदेशात पेटंट मागता येत नाही. आधी इथे अर्ज करून सहा आठवडे थांबायचं, नाहीतर लेखी परवानगी घ्यायची. बंगळुरूच्या अमेरिकन कंपनीत बसलेल्या आपल्या भाच्याला हे माहीत असतं. घरून फ्रीलान्स करणाऱ्याला नसतं, आणि नियम मोडला तर इथला अर्जही बाद धरतात.

कृत्रिम बुद्धिमत्ता 'शोधक' होऊ शकत नाही. ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०२३ मध्ये तसं ठणकावलं. यंत्रानं शोध लावला तरी सही माणसाचीच.

आणि सर्वांत महत्त्वाचं. बोरगावच्या वर्कशॉपमध्ये किंवा घरामागच्या शेडमध्ये नवं काही चालायला लागलं, की पहिलं काम कोणतं होतं? व्हिडिओ काढून व्हॉट्सअॅपच्या ग्रुपवर आणि रीलवर टाकणं. तिथेच घात होतो. अर्जाआधी जगजाहीर झालेली गोष्ट नवी उरत नाही, आणि नवी नसलेल्या गोष्टीला पेटंट नाही. सरकारनं अधिसूचित केलेल्या प्रदर्शनासारखे मोजके अपवाद सोडले तर स्वतः दाखवलेलंही नडतं. त्यामुळे आधी फॉर्म एक आणि फॉर्म दोन भरा, तात्पुरता मसुदा चालतो, एकट्या माणसाला ऑनलाइन शुल्क १,६०० रुपये. पावती हातात आली की मग खुशाल रील टाका.